आईच्या नावाचा दवाखाना

गटाच्या बैठकीत आपण बचत, कर्ज, व्याज, दवाखाना असे विषय नेहमी बोलतो. आज आम्ही एका खेळाडूची गोष्ट सांगणार आहोत. खेळ बास्केटबॉलचा, माणूस आफ्रिकेतला, नाव कमावलं अमेरिकेत. ही गोष्ट आपल्याला कशाला, असं वाटेल. पण शेवटपर्यंत ऐका, कारण ती एका आईपाशी आणि एका दवाखान्यापाशी येऊन पोहोचते.

त्याचं नाव डिकेंबे मुटोम्बो. जन्म 1966 सालचा, काँगो देशाची राजधानी किन्शासा इथला. मधली बरीच वर्षं या देशाचं नाव झाईर होतं, 1997 साली ते पुन्हा काँगो झालं. देश मोठा, जमिनीत तांबं, हिरे, सोनं भरपूर, पण लोक गरीब. आधी बेल्जियमचं राज्य, मग एकाच माणसाची बत्तीस वर्षांची हुकूमशाही. डिकेंबेचे वडील शिक्षण खात्यात होते, आईचं नाव बियांबा मारी. कुटुंब मोठं होतं आणि घरात शिक्षणाला मान होता. मुलाला डॉक्टर व्हायचं होतं.

1987 साली, एकविसाव्या वर्षी, तो शिष्यवृत्तीवर अमेरिकेला गेला. वॉशिंग्टन शहरातल्या जॉर्जटाऊन विद्यापीठात त्याला प्रवेश मिळाला. तो खेळायला म्हणून गेला नव्हता, डॉक्टरकीच्या वाटेने शिकायला गेला होता. फ्रेंच येत होतं, घरच्या बाजूच्या आफ्रिकी भाषा येत होत्या, इंग्रजी मात्र जेमतेम. परक्या गावात नांदायला गेलेल्या मुलीला पहिलं वर्ष कसं जातं, ते आपल्याला ठाऊक आहे. इथे तर भाषा, हवा, जेवण सगळंच परकं.

उंची मात्र सात फूट दोन इंच. एवढा उंच विद्यार्थी विद्यापीठाच्या प्रशिक्षकाच्या नजरेतून सुटणार कसा? दुसऱ्या वर्षी त्याला संघात घेतलं. डॉक्टरकीचा अभ्यास आणि सराव दोन्ही जमेना, तेव्हा त्याने विषय बदलला, पण शिक्षण सोडलं नाही. 1991 साली भाषाशास्त्र आणि परराष्ट्र व्यवहार या विषयांची पदवी घेऊनच तो बाहेर पडला. पुढे त्याला नऊ भाषा येतात असं लोक कौतुकाने सांगत.

आता खेळ थोडा समजून घेऊ. बास्केटबॉलमध्ये एका बाजूला पाच खेळाडू असतात. मैदानाच्या दोन्ही टोकांना दहा फूट उंचीवर लोखंडी रिंग, तिला जाळी. चेंडू वरून रिंगमध्ये गेला की गुण. टाळ्या पडतात त्या गुण मिळवणाऱ्याला. डिकेंबेचं काम उलटं होतं. समोरच्याने चेंडू रिंगकडे फेकला की उंच उडी मारून तो हवेतच अडवायचा. यात वेळ फार नेमकी साधावी लागते, कारण वर गेलेला चेंडू एकदा रिंगकडे खाली यायला लागला की त्याला हात लावता येत नाही, लावला तर समोरच्याला गुण मिळतात.

चेंडू अडवला की तो उजव्या हाताचं बोट डावीकडून उजवीकडे हलवायचा. आपण चुलीजवळ जाणाऱ्या पोराला बोट हलवून ‘अं हं’ करतो ना, अगदी तसं. ही त्याची खूण जगभर पसरली. पुढे नियम आला की समोरच्या खेळाडूच्या तोंडापुढे असं बोट नाचवलं तर दंड. मग तो प्रेक्षकांकडे वळून बोट हलवू लागला.

अमेरिकेतल्या व्यावसायिक बास्केटबॉलच्या मोठ्या स्पर्धेला एनबीए म्हणतात. तिथे दरवर्षी संघ पाळीपाळीने नवे खेळाडू निवडतात. दुबळ्या संघांना पाळी आधी मिळते आणि त्यांच्यातली पहिली पाळी कोणाची ते आपल्या भिशीसारखं चिठ्ठीने ठरतं. 1991 साली डेन्व्हर शहराच्या संघाने चौथ्या क्रमांकावर डिकेंबेला घेतलं. 1994 साली हा संघ बाद फेरीत आठव्या, म्हणजे शेवटच्या क्रमांकाने पोहोचला. समोर पहिल्या क्रमांकाचा सिअ‍ॅटलचा संघ. पाचपैकी तीन सामने जिंकायचे होते आणि डेन्व्हर पहिले दोन हरला. मग ओळीने तीन जिंकला. आठव्याने पहिल्याला हरवण्याची एनबीएतली ती पहिलीच वेळ. त्या पाच सामन्यांत डिकेंबेने 31 वेळा चेंडू अडवला. शेवटचा सामना जिंकल्यावर तो चेंडू दोन्ही हातांत धरून जमिनीवर पडून राहिला, चेहऱ्यावर आनंद मावत नव्हता. ते छायाचित्र आजही दाखवतात.

तो अठरा हंगाम खेळला आणि 2009 साली गुडघ्याच्या दुखापतीमुळे थांबला, तेव्हा वय बेचाळीस होतं. सामन्यामागे त्याच्या गुणांची सरासरी दहाच्याही आत, पण चेंडू अडवले एकूण 3,289. नोंद ठेवायला लागल्यापासून त्याच्या पुढे एकच जण आहे, हकीम ओलाजुवान, तोही नायजेरियातून अमेरिकेत आलेला. सर्वोत्तम बचावपटूचा मान डिकेंबेला चार वेळा मिळाला. गटात जशी एखादी बाई बोलते कमी, पण तिच्यामुळे हिशोब चुकत नाही आणि कर्ज बुडत नाही, तसं त्याचं संघातलं काम.

1996 साली तो अटलांटाच्या संघात गेला. त्याच वर्षी ऑलिंपिक अटलांटातच होतं आणि झाईरचा महिला बास्केटबॉल संघ पात्र ठरला होता. पात्र ठरला खरा, पण देशाची तिजोरी रिकामी. त्या मुलींच्या गणवेशाचा आणि बाकी खर्चाचा भार डिकेंबेने उचलला. संघ पदकाच्या जवळपासही गेला नाही. पण आपल्या देशाच्या नावाचा गणवेश घालून त्या मुली जगासमोर खेळल्या.

मग ती गोष्ट घडली. किन्शासात सत्ता उलथली, लढाई सुरू झाली, रस्ते बंद झाले. त्या धामधुमीच्या काळात बियांबा मारी घरी आजारी पडल्या. दवाखाना फार लांब नव्हता, पण संचारबंदीमुळे त्यांना तिथे नेता आलं नाही. त्या घरीच गेल्या. मुलगा अमेरिकेत कोट्यवधी डॉलर कमावत होता, मोठ्यातल्या मोठ्या डॉक्टरची फी देऊ शकत होता. त्या रात्री त्या पैशाचा काही उपयोग झाला नाही.

डिकेंबेने ठरवलं की किन्शासात दवाखाना बांधायचा. आपल्याला वाटेल, एवढा श्रीमंत माणूस, त्याला काय अवघड? पण वर्षांमागून वर्षं गेली. इतर श्रीमंत खेळाडूंकडून वाटली होती तेवढी मदत आली नाही. भूमिपूजन 2001 साली झालं, तरी बांधकाम सुरू व्हायला 2004 उजाडलं. जमीन पडून आहे म्हणून सरकार ती परत घेण्याच्या बेतात होतं. शिवाय तिथे निर्वासित लोक शेती करू लागले होते, त्यांना पैसे देऊन उठवावं लागलं. जमिनीवरून उठणं काय असतं, ते आपल्याकडे धरणाखाली गावं गेलेल्या बायांना विचारा. चांगल्या कामातही कोणाला तरी जागा सोडावी लागते, हेही या गोष्टीत आहे आणि ते आम्ही झाकून ठेवत नाही.

2007 साली तीनशे खाटांचा दवाखाना रुग्णांसाठी उघडला. नाव ठेवलं बियांबा मारी मुटोम्बो रुग्णालय. खर्च आला सुमारे 2 कोटी 90 लाख डॉलर, त्या वेळच्या भावाने शंभर कोटी रुपयांच्या वर. त्यातला निम्म्याहून जास्त पैसा त्याने स्वतःच्या खिशातून दिला. ज्या मुलाला डॉक्टर व्हायचं होतं, त्याने असा दवाखाना उभा केला. 2006 साली तो अमेरिकेचा नागरिक झाला होता, पण किन्शासा सुटलं नाही. 30 सप्टेंबर 2024 रोजी मेंदूच्या कर्करोगाने तो गेला. वय होतं 58.

मैत्रिणींनो, आम्ही ही गोष्ट निवडली ती पैशासाठी नाही. बियांबा मारींच्या बाबतीत जे झालं, ते संचारबंदी नसतानाही होतं. आरोग्याचं काम करणारी माणसं तीन उशिरांबद्दल सांगतात. पहिला उशीर घरात होतो, बाईला दवाखान्यात न्यायचं की नाही हे ठरवताना. ‘सकाळपर्यंत बघू’ हे वाक्य आपण सगळ्यांनी ऐकलेलं आहे. दुसरा उशीर रस्त्यात होतो, गाडी मिळत नाही, पुलावरून पाणी असतं. तिसरा दवाखान्यात होतो, डॉक्टर नसतो, रक्त नसतं. बियांबा मारींना दुसऱ्या उशिराने गाठलं.

शंभर कोटींचा दवाखाना आपला गट बांधू शकत नाही. पण पहिल्या दोन उशिरांवर गटाचा हात पोहोचतो. तेव्हा पुढच्या बैठकीत हप्ते गोळा झाले की अर्धा तास याला द्या. रुग्णवाहिकेचा 108 हा नंबर आणि गरोदर बायका व तान्ह्या बाळांसाठीचा 102 प्रत्येकीला पाठ आहे का, ते विचारा. आशाताईंचा नंबर भिंतीवर लिहा. गावात रात्री गाडी काढून देईल अशा दोघांची नावं ठरवून त्यांच्याशी आधीच बोलून ठेवा. कोणत्या महिन्यात कोणाचं बाळंतपण आहे, कोणाच्या सासूला रक्तदाब आहे, हे वहीत लिहा. अडीनडीला रात्रीसुद्धा गटातून किती रक्कम द्यायची आणि ती कोणाकडे ठेवायची, याचा ठराव करून सह्या घ्या. आणि ‘सकाळपर्यंत बघू’ असं कोणी म्हणालं तर डिकेंबेसारखं बोट हलवायला लाजू नका.

तुमच्या गटाने काय ठरवलं, ते आम्हाला केंद्रावर येऊन सांगा. पुढच्या वेळी त्यातल्याच दोघींना बोलायला बसवू.