छिटमहाल : एका महसुली रेघेची कहाणी

नकाशावरील सरहद्दीची रेघ पाहिली म्हणजे ती नद्या-डोंगरांइतकीच सनातन असावी, असा भास होतो. वस्तुतः प्रत्येक रेघ कोणी तरी, केव्हां तरी व कांहीं हेतूनें आंखलेली असते. आंखणारा निघून जातो, त्याचा हेतुहि संपतो. रेघ मात्र मागें राहते आणि तिच्या दोन्ही अंगांस राहणाऱ्या माणसांनीं स्वतःला काय म्हणवून घ्यावें, हें ठरवूं लागते. परकीय सत्तेच्या या वारशाचें एक विलक्षण उदाहरण भारत व बांगलादेश यांच्या सरहद्दीवर, कूचबिहारच्या आसमंतांत, २०१५ सालापर्यंत पाहावयास मिळत होतें. त्याचें नांव छिटमहाल.

'महाल' हा शब्द मराठी माणसास नवा नाहीं. महसुलाच्या सोयीसाठीं पाडलेला मुलखाचा भाग तो महाल. बंगालींत 'छिट' म्हणजे सुटून बाजूला पडलेला तुकडा. तेव्हां सारा एका राज्यास देणारा, पण दुसऱ्या राज्याच्या मुलखानें चोहोंकडून वेढलेला जो तुकडा, तो छिटमहाल. असे भारताचे १११ तुकडे बांगलादेशाच्या पोटांत होते आणि बांगलादेशाचे ५१ तुकडे भारताच्या पोटांत. दहाला खागराबाडी नांवाचें पावणेदोन एकरांचें शेत तर याहून नवलाचें. तें भारताचें, पण बांगलादेशाच्या तुकड्यांत; तो तुकडा भारताच्या तुकड्यांत; आणि हा भारताचा तुकडा पुन्हां बांगलादेशांत!

कूचबिहारचा राजा आणि रंगपूरचा फौजदार हे बुद्धिबळाच्या डावावर गांवें पणास लावीत व त्यांतून हा घोळ उत्पन्न झाला, अशी दंतकथा त्या भागांत सांगतात. कथा गोड आहे. परंतु खरें कारण अधिक साधें आहे. सतराव्या शतकाच्या अखेरीस मोंगलांनीं कूचबिहारचे कांहीं परगणे घेतले व पुढें अठराव्या शतकाच्या आरंभीं तह झाला. त्या वेळीं मोंगलांच्या हातीं गेलेल्या मुलखांत कांहीं जमीनदार राजालाच सारा देत राहिले. उलट राजाच्या मुलखांत कांहीं गांवें मोंगलांच्या शिपायांकडे राहिलीं. ज्याचा ताबा, त्याचा सारा, इतकाच त्या काळीं सीमेचा अर्थ होता.

१७६५ सालीं ईस्ट इंडिया कंपनीस बंगालची दिवाणी मिळाली आणि रंगपूर तिच्या अमलाखालीं आलें. १७७३ च्या तहानें कूचबिहारचा राजा कंपनीचा मांडलिक झाला. कंपनीनें हे तुकडे निर्माण केले नाहींत. तिनें ते होते तसेच गोठवून ठेवले व नकाशावर पक्के केले. तथापि त्यामुळें कोणाचें अडलें नाहीं. राजाचा रयत शेजारच्या इंग्रजी गांवीं बाजारास जाई, मुलगी देई, वैद्याकडे जाई. दोन्हींकडे भाषा एक, भात व ताग हें पीक एक, आणि सर्वांच्या माथ्यावर सत्ताहि एकच होती.

दक्षिण महाराष्ट्रांत हाच प्रकार होता. सांगली, मिरज, जमखिंडी, कुरुंदवाड या पटवर्धनी संस्थानांचीं गांवें खालसा मुलखांत व एकमेकांच्या हद्दींत विखुरलेलीं होतीं. १९४८ सालीं हीं संस्थानें मुंबई इलाख्यांत विलीन झालीं आणि तीं बेटें कोणाच्या लक्षांतहि न येतां विरघळून गेलीं. कारण भोंवतालचा मुलूख एकाच राष्ट्राचा झाला होता. कूचबिहारच्या नशिबीं हें नव्हतें.

जुलै १९४७ मध्यें सिरिल रॅडक्लिफ हे पूर्वीं कधीं हिंदुस्थानांत न आलेले विलायती कायदेपंडित येथें उतरले आणि सुमारें पांच आठवड्यांत त्यांनीं बंगाल व पंजाब यांच्या वांटणीच्या रेघा आंखून दिल्या. रंगपूर पाकिस्तानांत गेलें. कूचबिहार हें संस्थान असल्यामुळें त्याचा विचार त्यांच्या कक्षेबाहेर होता. बडोद्याचे महाराज सयाजीराव गायकवाड यांच्या कन्या इंदिराराजे १९१३ सालीं विवाहानें कूचबिहारच्या राजघराण्यांत गेल्या होत्या. त्यांचे पुत्र जगद्दीपेंद्र नारायण हे तेथील शेवटचे राज्यकर्ते. त्यांनीं संस्थान भारतास जोडलें व १९५० च्या आरंभीं तें पश्चिम बंगालचा जिल्हा झालें. त्याबरोबर राजाचे सुटे तुकडेहि भारताचे झाले. पण ते होते परक्या राष्ट्राच्या आंत. महसुलाची रेघ अशा रीतीनें राष्ट्राची सरहद्द होऊन बसली.

१९५२ सालीं दोन्ही देशांत पारपत्राची पद्धति सुरू झाली आणि पेंच पुरा आवळला. गांवाबाहेर पाऊल टाकावयास पारपत्र हवें. तें मिळण्याचें कचेरीचें गांव मात्र परमुलूख ओलांडून पलीकडे! म्हणजे कागद आणावयास जाणें हाच अपराध. पोलीस, शाळा, दवाखाना, वीज यांपैकीं कांहीं त्या गांवांत पोंचेना, कारण स्वतःच्या देशाच्या अंमलदारासहि तेथें जावयास दुसऱ्या देशाची परवानगी लागे. मुलाला शेजारच्या शाळेंत घालावयाचें तर त्या देशांतील एखाद्या ओळखीच्या माणसाचें नांव बाप म्हणून लावावें लागे. स्वतःच्या बापाचें नांव सांगितलें तर शिक्षण नाहीं, शिक्षण घ्यावें तर बापाचें नांव नाहीं, अशी ती कोंडी होती.

येथें कोणी विचारील कीं, इंग्रज गेल्यावर ही गांठ लगेच कां सुटली नाहीं? प्रयत्न झाले. १९५८ सालीं नेहरू व पाकिस्तानचे पंतप्रधान नून यांच्यांत करार झाला; परंतु भारताचा प्रदेश दुसऱ्यास द्यावयाचा तर घटनादुरुस्ती हवी, असा अभिप्राय सर्वोच्च न्यायालयानें १९६० सालीं दिला. बांगलादेश स्वतंत्र झाल्यावर १६ मे १९७४ रोजीं इंदिरा गांधी व शेख मुजीबुर रहमान यांनीं नवा करार केला. बांगलादेशानें त्यास त्याच वर्षीं मान्यता दिली. भारताच्या संसदेची मान्यता मिळावयास मे २०१५ उजाडला. स्वभूमीचा अंश सोडणें कोणत्याहि राष्ट्रास जड जातें. शिवाय ज्यांचें हाल होत होते, त्यांच्यापाशीं व्यवहारांत मताचा अधिकारच नव्हता. मग त्यांच्यासाठीं घाई कोणी करावी? रेघ ओढण्याचा दोष परकीयांचा खरा. ती इतकीं वर्षें जपण्याचा दोष मात्र त्यांच्या माथीं मारतां येत नाहीं.

अखेर ३१ जुलै २०१५ च्या मध्यरात्रीं तुकड्यांची अदलाबदल झाली. दहाग्राम-अंगरपोता हा तुकडा मात्र पूर्वींप्रमाणें बांगलादेशाकडेच राहिला. प्रत्येक रहिवाशास कोणतें नागरिकत्व हवें, हें विचारण्यांत आलें. २०११ च्या मोजणीप्रमाणें बांगलादेशांतील भारतीय तुकड्यांत ३७,३३४ माणसें होतीं. त्यांतील एक हजाराहून कमी लोकांनीं भारतांत येण्याचें ठरविलें. भारतांतील बांगलादेशी तुकड्यांत १४,२१५ माणसें होतीं; तीं सर्व भारताचे नागरिक झालीं. भारतांत आलेल्यांस प्रथम दिनहाटा, मेखलीगंज व हल्दीबाडी येथील छावण्यांत राहावें लागलें, आणि जमिनीच्या कागदांचे प्रश्न पुढेंहि कांहीं काळ रेंगाळले.

या आंकड्यांतच प्रकरणाचें सार आहे. अडुसष्ट वर्षें कागद ज्यांना एका देशाचे म्हणत होता, त्यांना प्रथमच विचारलें गेलें, तेव्हां बहुतेकांनीं कागदाचा देश निवडला नाहीं. ज्या मातींत शेत, ज्या गांवीं सोयरे आणि ज्या वाटेनें बाजार, तो देश निवडला. पांच आठवड्यांत आंखलेली रेघ माणसाच्या नांवापर्यंत पोंचूं शकते, हें छिटमहालांनीं दाखविलें. माणसास विचारल्यावांचून ठरविलेली ओळख त्याची होत नाहीं, हेंहि त्यांनींच दाखविलें.