पिलांसाठी छाती फोडणारा पक्षी

जुन्या चर्चमध्ये वेदीवर, क्वचित क्रुसाच्या शेंड्यावर, एक पक्षी कोरलेला दिसतो. मान वळवून तो आपलीच छाती चोचीने फोडतो आहे आणि घरट्यातली पिले चोची वासून रक्ताचे थेंब झेलताहेत. हा पेलिकन, आपल्याकडचा पाणकोळी. पण पटकन ओळखू येत नाही. युरोपातल्या बहुतेक कारागिरांनी तो कधी पाहिलेलाच नव्हता. त्यांनी चोचीखालची झोळी गाळली आणि गरुडासारखी आखूड, बाकदार चोच दिली.

ही कथा ‘फिजिओलोगस’ या प्राचीन ग्रीक ग्रंथात आहे. पिले मोठी होताना आईबापांना टोचतात, आईबाप उलट मारतात, पिले मरतात. तीन दिवस शोक केल्यावर आई आपली कूस फोडते आणि तिच्या रक्ताने पिले पुन्हा जिवंत होतात. अपराधी लेकरे, कुशीतून वाहणारे रक्त, तिसऱ्या दिवशी लाभणारे जीवन: ख्रिस्ती भाविकाला याचा अर्थ उलगडून सांगावा लागत नव्हता. मिस्सामध्ये ख्रिस्ताचे शरीर आणि रक्त स्वीकारणाऱ्यांना हा पक्षी म्हणजे साक्षात ख्रिस्तच वाटला.

खरा पेलिकन असे काही करत नाही. झोळीतले मासे पिलांना भरवताना तो चोच छातीशी दाबतो, त्यावरून हा समज झाला असावा. तरीही प्रतीक टिकले, कारण त्याला बळ पक्ष्याने नव्हे, उपासनेने दिले होते.

तेराव्या शतकात संत थॉमस अक्वायनस यांनी आपल्या स्तोत्रात येशूला पेलिकन म्हटले. दान्तेने ‘पारादिसो’च्या २५व्या सर्गात तेच केले. १६११च्या इंग्रजी बायबलच्या शीर्षकपृष्ठावरही तो आहे. सर्वांत धारदार वापर मात्र शेक्सपियरचा. त्याचा लिअर राजा आपल्या कृतघ्न मुलींना पेलिकनची पिले ठरवतो. इथे रक्त प्रेमाने दिले जात नाही, ओरबाडून घेतले जाते. मूळ अर्थ ठाऊक असेल तरच हा घाव किती खोल आहे ते कळते.

पोर्तुगीजांबरोबर हा पक्षी गोव्यातही आला. जुन्या गोव्यात बासिलिका पाहून परत फिरू नका. जवळच्या सांता मोनिका मठातील ख्रिस्ती कला संग्रहालयात जा आणि तिथला पेलिकन अवश्य पाहा.