सोळा सामने, तीन कॅच… आणि तरीही नोकरी पक्की!

टेलर स्विफ्टमुळे ट्रॅव्हिस केल्सी हे नाव तुमच्याही फीडमध्ये कधीतरी येऊन गेलं असेल. अमेरिकन फुटबॉलमधला, कॅन्सस सिटी चीफ्स संघाचा दाढीवाला स्टार. त्याची पोझिशन आहे 'टाइट एण्ड'. कारकिर्दीत हजाराहून जास्त कॅच, जाहिराती, पॉडकास्ट, सगळं काही.

आता त्याच पोझिशनवरच्या दुसऱ्या एका खेळाडूचा हा हिशेब बघा. २०१८चा हंगाम, ग्रीन बे पॅकर्स संघ. सामने १६, कॅच ३, यार्ड ३९. म्हणजे पाच-सहा सामन्यांमागे एक कॅच! तुम्ही म्हणाल, याला दुसऱ्याच दिवशी घरी पाठवलं असेल. पण संघाने पुढच्या वर्षी त्याच्याशी पुन्हा करार केला. त्याच्या पुढच्या वर्षीही केला. आणि २०२४ मध्ये, वयाच्या चाळिशीत, या माणसाने एनएफएलच्या इतिहासात सर्वाधिक सामने खेळलेला टाइट एण्ड हा विक्रम आपल्या नावावर केला.

त्याचं नाव मार्सेडीस लुइस. उंची साडेसहा फूट, वजन १२० किलोच्या आसपास, टोपणनाव 'बिग डॉग'. आणि त्याचं खरं काम? समोरच्याला अडवणं. बस्स, एवढंच.

आधी खेळ समजून घेऊ

अमेरिकन फुटबॉल म्हणजे हेल्मेट घातलेल्यांची हाणामारी, असं आपल्यापैकी बहुतेकांना वाटतं. प्रत्यक्षात तो जमीन मिळवण्याचा खेळ आहे. दोन्हीकडे ११-११ खेळाडू. चेंडू ज्यांच्याकडे आहे त्या संघाला चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकायचं असतं. जमलं तर पुन्हा चार प्रयत्न, नाही जमलं तर चेंडू समोरच्यांना. पुढे जायचे मुख्य रस्ते दोनच. क्वार्टरबॅकने चेंडू लांब फेकायचा आणि कुणीतरी पकडायचा, किंवा रनिंग बॅकने तो छातीशी धरून पळायचं.

या दोन्ही गोष्टी व्हायला दोन-तीन सेकंद लागतात आणि तेवढा वेळ समोरच्या आडदांड माणसांना कुणीतरी थोपवावं लागतं. त्यासाठी मध्यभागी पाच जणांची भिंत असते. या पाच जणांना पुढे फेकलेला पास पकडायची परवानगीच नसते. त्या भिंतीच्या टोकाला, अगदी चिकटून उभा राहतो तो टाइट एण्ड. 'टाइट' हा शब्द त्या चिकटून उभं राहण्यावरूनच आलाय. त्याला पास पकडायची परवानगी असते आणि भिंतीचा सहावा दगड बनायची जबाबदारीही. एकाच माणसाकडे दोन खात्यांचा कार्यभार!

प्रत्येक टाइट एण्डचा कल मात्र वेगळा असतो. काही जण केल्सीसारखे पकडणारे, काही जण लुइससारखे अडवणारे. या दुसऱ्या प्रकाराला 'ब्लॉकिंग टाइट एण्ड' म्हणतात.

अडवायचं, पण पकडायचं नाही

आपल्याला कबड्डी माहितीये, त्यामुळे 'अडवणं' सोपं वाटेल. पण इथे एक मोठी गोची आहे. कबड्डीत पकड हाच खेळ. इथे समोरच्याला धरून, ओढून अडवलंत की 'होल्डिंग'चा फाउल आणि संघाचं दहा यार्डांचं नुकसान. म्हणजे आपल्याएवढ्याच, कधीकधी आपल्याहून वजनदार माणसाला मिठी न मारता, जर्सी न ओढता थांबवायचं.

मग करायचं काय? एक हात जमिनीला टेकवून वाकून उभं राहायचं. चेंडू हलला की समोरच्याच्या आधी पाय उचलायचा. दोन्ही तळवे त्याच्या छातीवर, आतल्या बाजूने लावायचे; हात बाहेर गेले की रेफ्रीची नजर पडलीच म्हणून समजा. कंबर त्याच्या कंबरेपेक्षा खाली ठेवायची आणि पाय थांबवायचे नाहीत. जो खाली, त्याचा जोर जास्त. जो ताठ उभा राहिला तो मागे ढकलला गेला. पूर्ण सामन्यात हे कितीतरी वेळा. आणि प्रत्येक वेळी तुमच्या शेजारून तुमचाच रनिंग बॅक सुसाट निघून जातो, कॅमेरा त्याच्यामागे जातो आणि तुम्ही फ्रेमच्या बाहेर.

गंमत म्हणजे अधिकृत स्कोअरकार्डात यासाठी रकानाच नसतो. कॅच मोजतात, यार्ड मोजतात, टचडाउन मोजतात. 'ब्लॉक' मोजत नाहीत. चांगला ब्लॉक आपल्याच संघातल्या दुसऱ्याच्या नावावर धाव म्हणून लागतो. वाईट ब्लॉक मात्र फाउलच्या रूपात तुमच्या जर्सी नंबरसकट माइकवरून जाहीर होतो!

स्टार होताच की तो!

आता तुम्हाला वाटेल की लुइसला पकडता येत नसेल, म्हणून अडवायला लावलं. इथेच त्याची गोष्ट इंटरेस्टिंग होते.

लुइस कॅलिफोर्नियातल्या लाँग बीचमधल्या शाळेत आणि नंतर यूसीएलए विद्यापीठात खेळला. २००५ मध्ये त्याला जॉन मॅकी अवॉर्ड मिळालं, म्हणजे अख्ख्या देशातल्या कॉलेजांमधला सर्वोत्तम टाइट एण्ड. २००६च्या ड्राफ्टमध्ये जॅक्सनव्हिल जॅग्वार्सने त्याला पहिल्याच फेरीत, २८व्या क्रमांकावर उचललं. (तेव्हा तुमच्यातले काही जण रांगत असतील, काही जण जन्मलेही नसतील.) २०१० मध्ये त्याने ५८ कॅच घेतले, ७०० यार्ड मिळवले, १० टचडाउन केले आणि प्रो बोल या ऑल-स्टार सामन्यासाठी त्याची निवड झाली.

आणि २०११? टचडाउन शून्य. दहावरून थेट शून्यावर! आकडे बघणाऱ्याला वाटेल, संपला गडी. पण त्याच २०११ मध्ये त्याच्याच संघाच्या मॉरिस जोन्स-ड्रू या रनिंग बॅकने १,६०६ यार्ड पळून अख्ख्या लीगमध्ये पहिला नंबर मिळवला. ते यार्ड एकट्या लुइसमुळे आले असं कुणी म्हणणार नाही. पण ज्या भिंतीच्या कडेने ते आले, त्या भिंतीच्या टोकाला ८९ नंबरची जर्सी उभी होती.

पैशांचं काय?

'पण सर, पगार कुणाला जास्त?' हा प्रश्न प्लेसमेंट सेलमध्ये पहिला येतो, तसा इथेही येतोच. उत्तर सरळ आहे. पकडणाऱ्याला.

याचा पुरावा म्हणजे २०१४ची एक केस. न्यू ऑर्लिन्स सेंट्सचा जिमी ग्रॅहम हा तेव्हाचा जबरदस्त पकडणारा टाइट एण्ड. संघाने त्याला एक वर्ष राखून ठेवायचं ठरवलं. अशा वेळी पगार पोझिशननुसार ठरतो. टाइट एण्ड म्हटलं तर सुमारे ७० लाख डॉलर, वाइड रिसीव्हर म्हटलं तर सुमारे १ कोटी २३ लाख डॉलर. ग्रॅहमचं म्हणणं होतं की मी बहुतेक वेळा भिंतीपासून लांब, रिसीव्हरसारखाच उभा असतो, तर मला रिसीव्हर म्हणा. प्रकरण लवादाकडे गेलं आणि ग्रॅहम हरला. पोझिशनच्या नावातल्या एका शब्दाची किंमत पन्नास लाख डॉलरहून जास्त! (नंतर त्याने संघाशी चार वर्षांचा तगडा करार केला, ती गोष्ट वेगळी.)

आता योगायोग बघा. २०१८ मध्ये बारा हंगामांनंतर जॅग्वार्सने लुइसला सोडलं. वय ३३, म्हणजे या खेळात जवळजवळ आजोबा. पॅकर्सने त्याला एका वर्षाच्या करारावर घेतलं. त्याच वर्षी त्याच संघात, त्याच पोझिशनवर, तीन वर्षांच्या आणि तीन कोटी डॉलरच्या करारावर कोण आलं? जिमी ग्रॅहम! त्या हंगामात ग्रॅहमने ५५ कॅच घेतले. लुइसचे ते तीन कॅच याच हंगामातले.

दोन वर्षांनी, २०२० मध्ये, पॅकर्सने ग्रॅहमला सोडलं. लुइस २०२२ पर्यंत तिथेच राहिला. ग्रॅहम काही साधासुधा नव्हे, तो या पोझिशनवरच्या गाजलेल्या नावांपैकी एक आहे. पण पकडणारा महाग असतो, त्याचा वेग थोडा कमी झाला की तो हिशेबात बसत नाही. अडवणारा स्वस्त असतो आणि त्याची कला पायांच्या वेगावर कमी, हात-कंबर-डोकं यांच्या ताळमेळावर जास्त चालते. ती लवकर म्हातारी होत नाही. लुइसने पैसे कमी घेतले आणि वर्षं जास्त मिळवली.

मग थेट सहावा पैलवानच का नाही?

इथे एक शंका तुमच्याही डोक्यात आली असेल. फक्त अडवायचंच असेल तर टाइट एण्डऐवजी भिंतीतला आणखी एक दीडशे किलोचा गडी का उभा करू नये? करतातही कधीकधी. पण ५० ते ७९ नंबरची जर्सी घालणाऱ्याला पास पकडायच्या जागेवर उभं राहायचं असेल, तर आधी रेफ्रीला सांगावं लागतं आणि रेफ्री ते सगळ्या मैदानाला ऐकू जाईल असं जाहीर करतो. समोरचे लगेच ओळखतात की आता बहुधा पळणार.

लुइस उभा असला की मात्र ओळखता येत नाही. तो नव्वद टक्के अडवेल, पण उरलेल्या वेळी? त्या 'पण'साठीच तो तीन का होईना, कॅच लागतात.

२४ सप्टेंबर २०१७ रोजी लंडनच्या वेम्ब्ली स्टेडियमवर बाल्टिमोर रेव्हन्सना हा 'पण' चांगलाच महागात पडला. त्या दिवशी लुइसने चार कॅच घेतले आणि त्यातल्या तिनांवर टचडाउन केले. जॅग्वार्स ४४-७ असे जिंकले. वर्षानुवर्षं ज्याच्याकडे 'हा तर अडवणारा' म्हणून बघितलं जातं, त्याला मोकळं सोडणं किती सोपं असतं ना!

सगळं गोड नाहीये

हे वाचून तुम्हाला वाटेल, वा, निष्काम कर्मयोग! थांबा. या कामाची किंमतही आहे. २०१३, २०१४ आणि २०१६ या तीन हंगामांत दुखापतींमुळे लुइसचे बरेच सामने हुकले. २०१४ मध्ये तर तो निम्मेच सामने खेळू शकला. दर आठवड्याला शंभर-सव्वाशे किलोंच्या माणसांवर आदळणं म्हणजे काय, ते गुडघ्यांना आणि घोट्यांना विचारा.

शिवाय एवढं करून मोठं बक्षीस मिळेलच असंही नाही. २०१७च्या हंगामात जॅग्वार्सबरोबर, मग २०१९ आणि २०२०च्या हंगामांत पॅकर्सबरोबर, तीनदा तो सुपर बोलच्या एक पायरी अलीकडे पोहोचला. तिन्ही वेळा संघ हरला. २०२४ पर्यंतच्या १९ हंगामांत २८०हून अधिक सामने, पण सुपर बोलमध्ये एकही नाही.

आणि एकटा अडवणारा संघ तारू शकत नाही, हेही खरं. २०२४ मध्ये तो शिकागो बेअर्समध्ये होता. त्यांचा नवा क्वार्टरबॅक केलब विल्यम्स. लुइस लीगमध्ये आला तेव्हा हा मुलगा चार वर्षांचा होता! त्या हंगामात विल्यम्सला समोरच्यांनी ६८ वेळा चेंडूसकट जमिनीवर पाडलं. बेअर्सने १७ पैकी फक्त पाच सामने जिंकले. भिंत सगळ्यांची असते. एक दगड पक्का असून भागत नाही.

तुम्ही कुठे उभे आहात?

मग यातून आपण काय घ्यायचं? 'पडद्यामागचे हिरो' वगैरे भाषण मला द्यायचं नाहीये. ते आपण प्रत्येक गॅदरिंगच्या आभारप्रदर्शनात ऐकतोच.

मला लुइसची एकच गोष्ट महत्त्वाची वाटते. तो कमी पडला म्हणून मागे गेला नाही. आधी तो स्टार झाला, मग काम बदलत गेलं आणि त्याने ते काम कमीपणाचं मानलं नाही; त्यात इतका तरबेज झाला की चाळिशीतही संघांना तो हवा होता. आपल्याकडे एकांकिकेत मुख्य भूमिका गेली की पोरं तालमीला यायची बंद होतात. फेस्टमध्ये अँकरिंग मिळालं नाही की 'मग मी कशाला?' सुरू होतं. आणि त्याच वेळी लाइट्स कुणाला नीट येत नाहीत म्हणून अख्खा प्रयोग अंधारात जातो.

दुसरी बाजूही लक्षात ठेवा. न मोजलं जाणारं काम करणाऱ्याला आपली किंमत स्वतःला माहीत हवी आणि ती ओळखणारा संघही हवा. लुइसला असे संघ मिळत गेले. तुम्हाला मिळत नसेल, तर संघ बदलणं हा काही गुन्हा नाही. बारा वर्षांनंतर त्यालाही बदलावाच लागला होता.

आता एक छोटा होमवर्क. एनएफएलचे रविवारचे सामने आपल्याकडे रात्री साडेदहा-साडेअकराच्या सुमाराला सुरू होतात, हायलाइट्स तर कधीही बघता येतात. एकदा लावा. फक्त दहा चाली बघा आणि त्या दहांत चेंडूकडे बघूच नका. भिंतीच्या टोकाला हात टेकवून वाकलेला माणूस शोधा आणि त्याच्यावरून नजर हलवू नका.

पहिल्या दोन चालींत काहीच कळणार नाही. पाचव्या-सहाव्या चालीला तो कुणालातरी दोन पावलं बाजूला सारेल आणि तिथे एक फट उघडेल. त्या फटीतून कोण पळालं, ते तुम्हाला सगळे सांगतील. ती कुणी उघडली, ते तुम्ही बघितलेलं असेल.