हक्काची जागा – लेखांक ७ : मोजणीचा नकाशा कोर्टात किती टिकतो?

मागच्या आठवड्यात खरेदीखत आणि फेरफार पाहिले. आता मोजणी. ठाण्याच्या नौपाड्यात विष्णुनगर, राम मारुती रोड, ब्राह्मण सोसायटी या भागांत जुन्या इमारतीच्या पुनर्विकासाचा विषय निघाला की कुंपणाच्या भिंतीचा वाद लगेच डोकं वर काढतो. शेजारच्यांनी दोन फूट आत घेतलंय, अशी तक्रार असते. भूमी अभिलेख कार्यालयात हद्द कायम मोजणीचा अर्ज जातो, भूकरमापक येतात, मोजणीच्या नकाशाची 'क' प्रत मिळते. ती हातात पडली की लोकांना दावा जिंकल्यासारखंच वाटतं. तसं नसतं.

आपल्याकडची मोजणी मुळात शेतसाऱ्यासाठी झाली. १८३० च्या दशकात गोल्डस्मिड आणि विंगेट या ब्रिटिश अधिकाऱ्यांनी इंदापुरात पद्धत बसवली, ती शेताचं क्षेत्र आणि प्रत पाहून आकार ठरवण्यासाठी. मालकीचा निवाडा हे त्यांचं काम नव्हतंच. पुढे शहरांत नगर भूमापन झालं, मिळकत पत्रिका आल्या, तरी पाया तोच राहिला. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम १५७ प्रमाणे अधिकार अभिलेखातली नोंद विरुद्ध सिद्ध होईपर्यंत खरी धरतात. पण फेरफार नोंदीने मालकी निर्माण होत नाही आणि संपतही नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने सावर्णी विरुद्ध इंदर कौर (१९९६) या निकालात स्पष्ट केलं आहे. हक्क खतातून, वारसातून, हुकूमनाम्यातून येतो. खतात लिहिलेली जागा जमिनीवर नेमकी कुठे आहे, एवढंच नकाशा सांगतो. दावा मात्र बहुतेक वेळा याच प्रश्नावर अडतो.

नौपाड्यात तो जास्तच अडतो, कारण एकाच जागेला तीन ओळखी असू शकतात. आजोबांच्या खतात सर्व्हे नंबर आणि हिस्सा असतो. मिळकत पत्रिकेवर टिका क्रमांक आणि सिटी सर्व्हे नंबर असतो. जागा नगररचना योजनेत आली असेल तर तिला अंतिम भूखंड क्रमांकही असतो. हा तिसरा क्रमांक फार महत्त्वाचा आहे. महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना अधिनियम, १९६६ च्या कलम ८८ नुसार अंतिम योजना लागू झाली की पुनर्रचित मूळ भूखंडांवरचे हक्क संपतात आणि योजनेत ठरलेले हक्क अंतिम भूखंडांवर येतात. म्हणजे अशा जागेत जुन्या सर्व्हे नंबरचा नकाशा घेऊन हद्द भांडणारा माणूस अस्तित्वात नसलेल्या भूखंडासाठी भांडत असतो. या तीन क्रमांकांचा मेळ घालणारा कागद दाव्याआधीच मिळवायला हवा. माझ्या मते वकीलपत्र देण्याहूनही हे काम आधीचं.

इमारत पाडण्यापूर्वीच मोजणी करून घ्या, हा माझा आग्रह आहे. भूकरमापकाला नकाशा जमिनीशी जुळवायला जुन्या खुणा लागतात: विहीर, रस्त्याचा कोपरा, जुन्या भिंतीचा कोन. पाडकामात नेमक्या याच जातात. लगतच्या धारकांना नोटीस गेली का, हेही पाहा. नोटिशीविना झालेल्या मोजणीवर पहिली हरकत तीच येते. मोजणी मान्य नसेल तर वरिष्ठांकडून निमताना मोजणी, म्हणजे फेरमोजणी, मागता येते.

कोर्टात सगळे नकाशे एका पायरीवर नसतात. सरकारी अधिकाराने तयार झालेला नकाशा अचूक आहे असं न्यायालय गृहीत धरतं. एखाद्या वादासाठी मुद्दाम काढलेला नकाशा मात्र सिद्ध करावा लागतो. म्हणून वाद सुरू झाल्यावर एका पक्षाच्या अर्जावर झालेली 'क' प्रत नुसती दाखल करून भागत नाही; मोजणी करणाऱ्या भूकरमापकाला साक्षीला बोलवावं लागतं. कुठल्या खुणा धरल्या, मूळ नकाशा सोबत होता का, हे प्रश्न उलटतपासणीत येतात. हद्दीचाच वाद असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २६, नियम ९ खाली कोर्ट कमिशन मागावं. हरियाणा वक्फ बोर्ड विरुद्ध शांती सरूप (२००८) या हद्दीच्या वादात सर्वोच्च न्यायालयाने कमिशनर नेमण्याचाच मार्ग दाखवला. नियम १० प्रमाणे त्याचा अहवाल पुरावा ठरतो.

अतिक्रमण सिद्ध झालं तरी एक प्रश्न उरतो: भिंत केव्हापासून आहे? मालकाच्या विरोधात उघडपणे आणि अखंड बारा वर्षं ताबा राहिला असेल, तर १९६३ च्या मुदत कायद्याचा आधार शेजारी घेऊ शकतो. मोजणी आजची वहिवाट दाखवते, तिचं वय सांगत नाही. त्यासाठी महापालिकेचे मंजूर बांधकाम नकाशे, कर आकारणीचे उतारे आणि जुना पत्रव्यवहार लागतो. पुढच्या लेखांकात हे कागद पाहू.