अर्ध्या फाइलीतला सिनेमा
(लेखांक ६)

एकमेकांच्या संगणकावरची गाणी मिळवून देणाऱ्या नॅपस्टरवरचं गाणं तीन-चार एमबीचं असे; एकाच माणसाच्या संगणकावरून ते सलग उतरवता यायचं. सिनेमाचं तसं नव्हतं. डिव्हएक्स या कोडेकनं आवळलेला सिनेमासुद्धा बहुधा ७०० एमबीचा असे, कारण तो एका कोऱ्या सीडीवर मावायला हवा होता. ५६केच्या मोडेमनं, लाइन एकदाही न तुटता आणि पूर्ण वेगानं, एवढं उतरवायचं तर २९ तास लागतात.

ईडॉन्की २००० या जाळ्यानं यावर काढलेली युक्ती मला आजही विलक्षण वाटते. फाइलीचे ९७,२८,००० बाइटचे तुकडे पाडायचे. ७०० एमबीचे ७६ होतात. प्रत्येक तुकड्याचा गणिती ठसा आधीच काढलेला असतो, त्यामुळे तुकडा कुणीही पाठवला तरी तो अस्सल आहे की बिघडलेला हे तपासता येतं. हाती आलेला तुकडा आपण लगेच पुढे वाटू लागायचं. सगळ्यांनी पहिल्यापासून ओळीनं मागणी केली असती, तर शेवटचे तुकडे मोजक्या लोकांकडेच राहिले असते आणि ते जाळ्यातून गेले की बाकीचे अडकले असते. म्हणून क्रम सोडायचा आणि दुर्मीळ तुकडे आधी घ्यायचे.

क्रम सोडला आणि गाठ पडली एव्हीआयशी, म्हणजे हे सिनेमे ज्या साच्यात भरलेले असत त्याच्याशी. मायक्रोसॉफ्टनं १९९२मध्ये आणलेल्या या साच्यात सुरुवातीला माहितीचा मथळा, मग चित्र आणि आवाज आलटून पालटून, आणि कोणती चौकट कुठे आहे याची सूची थेट शेवटी. चित्रण संपेपर्यंत चौकटी किती होणार हे ठाऊकच नसतं, त्यामुळे सूची शेवटी लिहिणं स्वाभाविक होतं. फाइल आपल्याच डिस्कवर पूर्ण असणार, हे गृहीत धरलेलं होतं. एव्हीआयला त्याबद्दल नावं ठेवणं मला अन्यायाचं वाटतं. पण अर्ध्या फाइलीत सूची नसली की सिनेमा पुढे-मागे सरकवता येत नसे, काही प्लेअर तर तो उघडतच नसत. मथळाच आलेला नसला, तर कोणत्या कोडेकनं उलगडायचं हेही कळेना.

आपल्याकडे घरोघरी पोचलेल्या व्हीसीडीला ही अडचण नव्हती. तिच्यातल्या एमपेग-१ प्रवाहात वेळेच्या खुणा वाटेवर सगळीकडे पेरलेल्या असतात. ओरखडा आला की चित्र फुटे, आवाज अडखळे आणि सिनेमा पुढे चालू लागे.

ईडॉन्कीच्याच जाळ्यावर चालणाऱ्या, २००२मध्ये आलेल्या ईम्यूलनं मग पहिला आणि शेवटचा तुकडा आधी मागवण्याची सोय दिली. व्हीएलसी या प्लेअरनं दुसरी वाट धरली. एव्हीआयमधल्या प्रत्येक चौकटीआधी चार अक्षरांची खूण असते. त्या खुणा वाचत फाइलभर फिरायचं आणि हरवलेली सूची नव्यानं बांधायची.

एमपी४मध्येही चौकटींचा असा नकाशा पुष्कळदा शेवटीच लिहिला जातो. वेबवर सिनेमा दाखवायचा तर तो उचलून पुढे आणावा लागतो. त्याची गोष्ट पुढच्या आठवड्यात.