अपघाताची भरपाई आणि शाळेचा दाखला

श्रोतेहो, आठवडी बाजारातून घरी निघालेला कर्ता माणूस हमरस्त्यावर ट्रकखाली सापडतो. अजून दहावाही झालेला नसतो, तोच गाडीमालकाकडचा कोणी ओळखीचा गृहस्थ दारात येऊन बसतो. "वहिनी, झालं ते काही परत यायचं नाही. हे पन्नास हजार ठेवा आणि या कागदावर अंगठा करा. कोर्टकचेरीत कुठं हिंडणार तुम्ही?" घरात रडारड, डोक्यावर देणं, पोरं लहान. बाई अंगठा उमटवते. पुढे कधी दावा करायचा म्हटले, की तोच कागद आडवा येऊ शकतो. तो अंगठा उमटण्यापूर्वी कायदा काय म्हणतो, एवढेच आज सांगायचे आहे.

पहिली गोष्ट अशी, की ही भरपाई म्हणजे गाडीमालकाची मेहेरबानी नव्हे. रस्त्यावर गाडी आणायची तर तिच्यामुळे दुसऱ्याच्या जिवाला होणाऱ्या अपायाचा विमा उतरवणे मालकावर सक्तीचे आहे. म्हणून "ड्रायव्हर गरीब आहे, तो कुठून देणार?" या बोलण्याला फारसा अर्थ नाही. पैसे बहुधा विमा कंपनीने द्यायचे असतात. अशा दाव्यांसाठी वेगळी न्यायाधिकरणे असावीत, ही सोय आपल्याकडे १९५६ च्या दुरुस्तीने आली. आज १९८८ चा मोटार वाहन कायदा लागू आहे. दावा अपघाताच्या जागी करता येतो, तसा आपण राहतो तेथील न्यायाधिकरणापुढेही करता येतो.

आता रक्कम कशी ठरते ते पाहू. समजा, गेलेला माणूस चौतीस वर्षांचा होता आणि गवंडीकाम करून महिन्याला बारा हजार मिळवीत होता. मागे बायको, दोन मुले आणि म्हातारी आई. वर्षाची कमाई झाली १,४४,०००. पुढे ती वाढली असती, म्हणून चाळीस वर्षांखालच्या स्वतंत्र धंदेवाल्याच्या कमाईत शेकडा ४० मिळवतात. झाले २,०१,६००. त्यातला काही भाग त्याने स्वतःवर खर्च केला असता. खाणारी तोंडे चार, म्हणून चौथा हिस्सा वजा. उरले १,५१,२००. या रकमेला वयाप्रमाणे ठरलेल्या आकड्याने गुणतात. ३१ ते ३५ वयाला तो आकडा १६ आहे. गुणाकार येतो २४,१९,२००. अंत्यविधी, कुटुंबाचा तुटलेला आधार यांसाठीच्या रकमा आणखी वेगळ्या. हे कोष्टक सर्वोच्च न्यायालयाने २००९ आणि २०१७ च्या निकालांत घालून दिले आहे. कुठे पन्नास हजार आणि कुठे चोवीस लाख!

ड्रायव्हरची चूक होती, हे मात्र या दाव्यात दाखवावे लागते. मृताची स्वतःची काही चूक निघाली, तर रक्कम त्या मानाने कमी होते. चूक न दाखवता मिळणारी पाच लाखांची ठरावीक भरपाईही कायद्यात आहे. पण ती एकदा स्वीकारली, की मोठा दावा संपतो. म्हणून आधी हिशेब मांडावा, मग सही करावी.

घरच्या बाईचा मृत्यू झाला तर? "ती कुठं कमावत होती?" असे विचारणारे भेटतात. तिच्या घरकामाची किंमत धरलीच पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ साली पुन्हा एकदा सांगितले आहे.

शिक्षक बंधुभगिनींनो, आता तुमच्याकडे वळतो. वरच्या हिशेबात वय किती मोलाचे आहे, ते तुमच्या ध्यानात आलेच असेल. आपला गवंडी कागदोपत्री ३६ चा ठरला, तर १६ च्या जागी १५ येतात आणि त्या घरचे दीड लाख जातात. हरियाणातील एका दाव्यात नेमके असेच घडले. आधार कार्डावर वय ४७ निघत होते, शाळा सोडल्याच्या दाखल्यावर ४५. ऑक्टोबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने शाळेचा दाखला ग्राह्य धरला आणि १३ ऐवजी १४ ने गुणले. तेव्हा असा दाखला मागायला कोणी विधवा आली, तर तिला "पुढच्या सोमवारी या" म्हणू नका. तुमच्या जुन्या रजिस्टरातली एक ओळ तिच्या मुलांचे शिक्षण आहे.

बाकीचे कागद असे : पोलिसांतील फिर्यादीची नक्कल, पंचनामा, शवविच्छेदनाचा अहवाल, मृत्यूचा दाखला, शिधापत्रिका, गाडीचा नंबर आणि कमाईचा मिळेल तो पुरावा. कमाईचा कागद नसला तरी दावा बुडत नाही. किमान वेतनाचा आधार घेता येतो. पोलिसांनी आपला अहवाल तीन महिन्यांच्या आत न्यायाधिकरणाकडे पाठवायचा असतो. तो गेला की नाही, याची विचारपूस करावी. १ एप्रिल २०२२ पासून दाव्याला सहा महिन्यांची मुदत आहे. वर्षश्राद्ध होऊ द्या, मग बघू, असे म्हणू नये.

गाडी पळून गेली आणि नंबर कोणी पाहिलाच नाही, तरी मृत्यूबद्दल दोन लाख रुपये मिळण्याची योजना आहे. पूर्वी ही रक्कम पंचवीस हजार होती. त्यासाठी तहसील कचेरीत चौकशी करावी.

वकिलाच्या खर्चाची धास्ती असेल तर तालुक्याच्या न्यायालयात विधी सेवा समिती असते. स्त्रियांना आणि मुलांना तेथे उत्पन्नाची अट न घालता मोफत वकील मिळतो.

गेलेला माणूस कोणत्याही हिशेबाने परत येत नाही, हे खरेच. पण त्याच्या मागे राहिलेल्यांची चूल पेटती ठेवण्यासाठी हा हिशेब आहे. तेव्हा गावात अशी वेळ कोणावर आली, तर सांत्वनाला जाताना एवढे जरूर सांगा : "वहिनी, घाईनं अंगठा करू नका. आधी कागद गोळा करू."