इंग्रजीची घरची आणि दरबारी वाणी

इंग्रजीत आदरार्थी सर्वनाम नाही, ही गोष्ट मराठी मनुष्यास प्रथम मोठी चमत्कारिक वाटते. पाळण्यातले मूल असो की न्यायासनावरील न्यायाधीश, दोघांनाही 'यू'च. पूर्वी तसे नव्हते. 'दाऊ' हे एकेरी सर्वनाम प्रचारात होते. सतराव्या शतकात ते शिष्टांच्या बोलण्यातून मागे पडले आणि मुख्यतः प्रार्थनेत उरले. जुने म्हणून ते आज भारदस्त भासते. वस्तुतः ते आपल्या 'तू'सारखेच जवळिकीचे. आपण तरी विठोबाला 'अहो' कोठे म्हणतो?

मग इंग्रजीची अदब वसते कोठे? बरीचशी शब्दांच्या निवडीत. १०६६ साली नॉर्मंडीच्या विल्यमने इंग्लंड जिंकले आणि दरबारात व न्यायालयात फ्रेंच भाषा आली. शेतात आणि चुलीपाशी मात्र जुनी इंग्रजीच राहिली. न्यायालयातील वादविवाद इंग्रजीत चालावेत असा कायदा १३६२ साली झाला, तोवर फ्रेंच शब्द चांगलेच रुजले होते. त्यांत पुढे विद्वानांनी लॅटिनची भर घातली. म्हणून 'आस्क' हा घरचा, 'क्वेश्चन' त्याहून रीतसर, तर 'इंटरॉगेट' पोलिसी थाटाचा. आपणही घरी 'विचारतो' आणि कचेरीत 'पृच्छा करतो', तसेच हे.

आपली अडचण निराळीच आहे. आपल्यापैकी पुष्कळांना इंग्रजी भेटली ती क्रमिक पुस्तकांत आणि अर्जांत. तिचा दिवाणखाना आपण पाहिला, माजघर पाहिलेच नाही. त्यामुळे 'पोस्टपोन' आपल्याला सोपा आणि 'पुट ऑफ' अवघड. 'पुट आउट' म्हणजे दिवा मालवणे, 'पुट अप' म्हणजे पाहुण्यास ठेवून घेणे, आणि 'पुट अप विथ' म्हणजे त्याच पाहुण्यास सोसणे! इंग्रज मूल हे सारे शाळेत जाण्यापूर्वीच ऐकून शिकते. 'टॉलरेट' त्याला मागाहून भेटतो. मित्राने चहाला बोलावले असता 'आय शॅल एन्डेव्हर टु अटेंड' असे उत्तर धाडले, तर व्याकरण निर्दोष असूनही हा रुसला की काय, अशी शंका त्या मित्रास येईल.

याहून नाजूक जागा विनंतीची. 'जरा पाणी द्या' या वाक्यातील सारे सौजन्य 'द्या'च्या रूपात आहे. त्याचे 'गिव्ह मी सम वॉटर' असे भाषांतर केले की ते रूप गळून पडते आणि सभ्य मनुष्य उद्धट ठरतो. इंग्रज तेथे क्रियापदाला भूतकाळाचे रूप देऊन मागणी थोडी दूर सारतो: 'कुड यू', 'वुड यू'. नुसते 'प्लीज' जोडल्याने हे काम दर वेळी होतेच असे नाही.

रीतसर लेखन म्हणजे जड लेखन, ही समजूत इंग्लंडातही होती. ब्रिटिश अर्थखात्याच्या सूचनेवरून सर अर्नेस्ट गॉवर्स यांनी सरकारी नोकरांसाठी 'प्लेन वर्ड्स' हे पुस्तक लिहिले. ते १९४८ साली निघाले. कचेरीच्या पत्रातही साधा, नेमका शब्द शोभतो, हे त्यांनी दाखवून दिले. पत्रांतील काही संकेत मात्र टिकून आहेत. आरंभी 'डिअर सर' असेल तर शेवटी 'यूअर्स फेथफुली'. आणि आडनावाने संबोधिले असेल तर 'यूअर्स सिन्सिअरली', असा ब्रिटिश रिवाज. 'डोन्ट', 'कान्ट' ही आखूड रूपे अशा रीतसर पत्रात सहसा टाळतात. मित्राच्या पत्रात मात्र ती नसली तरच चुकल्यासारखे वाटते.